नीलगिरीचा पाला

काशीरामबुवांकडं पान मागितलं की ते आधी मागणाऱ्याचे हात बघायचे. ओले असले तर पुसायला लावायचे, धुळीचे असले तर धुवायला लावायचे. मग देठ आपल्याकडं, टोक त्याच्याकडं असं एकच पान दोन्ही हातांनी पुढं करायचे. घेणाऱ्यानं ते चुरगाळून गालात कोंबलं की संपलंच. "बैल हाय काय बे तू? कडबा खाऊन राह्यला काय?" समोर गावचा पाटील असो की परगावचा पाहुणा, बुवा हात झटकून आत जायचे आणि त्या माणसाला पुन्हा त्यांच्या हातचं पान मिळायचं नाही. जाता जाता एक वाक्य ठरलेलं. "पान हाय थे, पाला नाई."

हे वाक्य मी लहानपणापासून इतक्यांदा ऐकलंय की आजही कुणी विड्याचं तबक पुढं केलं तर माझे हात आपोआप पदराला पुसले जातात. आणि पाठोपाठ तोंड कडू होतं.

माझे वडील गावच्या शाळेत मास्तर. अकोल्याकडच्या मालेगावहून किन्हीराजाकडं जाताना आमचं गाव लागायचं. आमच्या आणि बुवांच्या घरामध्ये एकच भिंत. बुवांची बायको लवकर गेली. मागं एकच लेक, गंगा. ती माझ्याहून थोडी मोठी. आमचं अंगण एक, भातुकली एक, आणि तिच्या बापाचं भेव दोघींनाही सारखंच. लोक म्हणतात, गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये. मग बोलावं तरी कुणाबद्दल? जिवंत माणसं कुठं ऐकून घेतात! तेव्हा मी बोलणार आहे. ज्यांना ऐकवणार नाही त्यांनी खुशाल उठून जावं.

बुवांचा पानमळा नाल्याच्या काठी होता. शेवरीच्या सडसडीत झाडांवर चढवलेल्या वेली, चारी बाजूंनी कुडाचं दाट कुंपण, आणि आत बारा महिने गार, ओला काळोख. बाहेर वैशाखाचं ऊन माणसाला भाजून काढत असायचं तेव्हा त्या कुंपणाला नुसता हात लावला तरी गार वाटायचं. बुवा आंघोळ केल्याशिवाय आत जात नसत. पायताण बाहेर. आत शिंकायचं नाही, मोठ्यानं बोलायचं नाही. वेलींना ते 'माय' म्हणायचे. "काय वो माय, रातच्याला वारा लय होता, लागलं तं नाई ना?" असं मऊ आवाजात विचारायचे. त्याच तोंडानं घरी येऊन गंगीला हाक मारायचे, "ए पोट्टे, पानी आन!"

बाईमाणसानं त्या मळ्यात पाऊल टाकायचं नाही, हा त्यांच्या घरचा नियम. दुसऱ्यांच्या मळ्यांत असेल नसेल, मला ठाऊक नाही. गंगीनं बापाची भाकर सारी वर्षं कुंपणाच्या फटीतून आत दिली. ज्या मळ्यावर ती वाढली तो तिनं कधी आतून पाहिला नाही. एकदा आम्ही दोघी त्या फटीला डोळा लावून बसलो होतो. मी म्हटलं, "गंगे, काय दिसतं?" ती म्हणाली, "बाबाचे पाय दिसते. हळूहळू चालते वो थे तिथी. घरात असे कधी चालत नाई."

दुसरा नियम याहून कडक. मळ्यातलं पान विस्तवात जाता कामा नये. पिवळं पडलेलं, गळलेलं, डाग पडलेलं, कसंही असो. बुवा ते धोतराच्या ओच्यात गोळा करायचे आणि त्याच वेलीच्या बुडाशी माती उकरून पुरायचे. "वेलीचं वेलीच्या पायाशी," म्हणायचे. त्यांच्या आज्यानं म्हणे एका हिवाळ्यात वाळल्या पानांची शेकोटी केली होती आणि त्याच सालात अख्खा मळा वाळून गेला. आजा गेला, बाप गेला, पण ती शेकोटी त्या घरात कुणी विझू दिली नाही. गंगी चूल पेटवताना काड्यांत एखादं पान आलंय का ते बघून घ्यायची.

मंगरूळपीरचे रहीमशेठ पानांचा सौदा करायला यायचे. मोठा मिस्कील माणूस. दर्ग्याचा उरूस जवळ आला की त्यांना माल जास्त लागायचा आणि बुवांचा तोरा तेव्हाच वाढायचा. एकदा शेठनी पान कोवळं आहे की जून ते बघायला त्याच्या पाठीवर नख ओढलं. झालं! बुवांनी गाडीत चढवलेल्या साऱ्या डाल्या उतरवून घेतल्या.

"अरे बुवा, पानच हाय ना! तुमची बेटी थोडी हाय?" शेठ हसत म्हणाले.

"बेटी देतो मी," बुवा म्हणाले. "पान नाई देत."

अंगणातले सगळे हसले. रहीमशेठही हसले. मी आणि गंगी दाराआड उभ्या होतो, आम्हीपण हसलो. तेव्हा ते बोलणं खरं आहे हे कुणाच्या ध्यानात आलं नाही.

कारण पुढच्याच साली त्यांनी गंगीचं लग्न उरकलं. उरकलंच म्हणते मी. नव्या वेली लावायचे दिवस होते, बुवांना सवड नव्हती. शेवरीचं बी पेरायच्या आधी हा माणूस माती चाखून बघायचा, खोटं नाही सांगत, जिभेवर घेऊन! आणि लेक जिथं द्यायची तिथलं पाणीसुद्धा पिऊन पाहिलं नाही. पाझरवाडी म्हणून आमच्या गावाखाली दहा-पंधरा घरांची वस्ती होती. नाला तिथं पसरट व्हायचा आणि खालची सगळी जमीन बारमाही चिबड. पाय टाकला की पाणी वर यायचं. पावसाळा सरला की घराघरात माणसं गोधड्या घेऊन कुडकुडत पडायची. त्या वाडीतल्या पोरांची पोटं मडक्यासारखी आणि हातपाय काड्यांसारखे. जावई महादेव तसा वाईट नव्हता. त्याला स्वतःचं म्हणून मत नव्हतं, एवढंच. आईनं सांगितलं ते खरं, सासऱ्यानं सांगितलं ते त्याहून खरं.

पहिल्याच हिवाळ्यात गंगीला ताप धरला. थंडी वाजून यायचा, घाम येऊन उतरायचा, एक दिवस सोडून पुन्हा हजर. डाव्या कुशीत पानथरी, म्हणजे प्लीहा, वाढलेली हाताला लागायची. पहिलं मूल अपुऱ्या दिवसांचं गेलं. दुसरं जन्मून रडलंसुद्धा नाही. दुसऱ्या खेपेला तिला माहेरी आणली तेव्हा मी कारंज्याहून सुट्टीवर आले होते. मुलींच्या शाळेत तेव्हा मला नुकतीच नोकरी लागली होती. गंगी अंगणात बाजेवर बसली होती आणि मी तिच्याशेजारून तशीच पुढं निघून गेले. ओळखलंच नाही मी तिला! "काय वो शांते, मले पाह्यलं नाई काय?" असं ती म्हणाली तेव्हा आवाजावरून कळलं.

बुवा ओसरीवर उभे होते. त्यांनी तिच्याकडं बघितलं, मग बराच वेळ आपल्या हातांकडं बघितलं, आणि मळ्याकडं निघून गेले.

त्याच दिवसांत अकोल्याकडून एक साहेब आले. कोणत्या खात्याचे ते देव जाणे. आपल्यातलेच होते, मराठी बोलायचे, पण पुण्याकडचं. शाळेच्या पटांगणात त्यांनी लोक जमवले आणि सांगितलं की पाझरवाडीच्या चिबडात नीलगिरीची झाडं लावा. मुळं पाणी पिऊन टाकतील, दलदल सुकेल, ताप जाईल. बी आम्ही देतो, रोपं तयार करणारा माणूस तुम्ही द्या.

बुवा मागून म्हणाले, "झाडानं ताप जात असता तं कडूनिंबाच्या गावात कोनी मेलंच नसतं."

सगळे हसले. सभा मोडली. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी हेच बुवा आंघोळ करून, धुतलेलं धोतर नेसून, साहेबांच्या तंबूसमोर जाऊन उभे राहिले. माझे वडील तिथंच होते, त्यांनी मला सांगितलं. बुवा एवढंच म्हणाले, "द्या थे बी. माही लेक देल्ली हाय त्या वाडीत."

बी इतकं बारीक की तपकिरीची चिमूट वाटावी. साहेबांनी समजावून सांगितलं: उघड्यावर वाफे करा, ऊन लागू द्या, दाटी होऊ देऊ नका, बेतानं पाणी द्या, आणि एखाद्या रोपाच्या पानावर डाग दिसला तर ते उपटून लगेच जाळा. बुवा मान डोलावत राहिले. वडिलांना वाटलं त्यांना पटलं. छे! बुवांची मान डोलली म्हणजे त्यांनी ऐकणं थांबवलं, हे वडिलांना शेजारी राहूनही कधी कळलं नाही.

बुवांनी ते बी मळ्यात पेरलं. शेवरीच्या सावलीत, वेलींच्या मधोमध, त्या गार ओल्या काळोखात. जगात कुठलंही कोवळं पान ज्या मायेनं वाढवावं असं त्यांना वाटत होतं, त्या मायेनं. रोज तिन्हीसांजेला पाणी. वाऱ्याला आडोसा. एक रोप उपटून दुसऱ्याला जागा करणं त्यांच्या हातून होईना, म्हणून दाटी. आणि रोपं तरारलीसुद्धा! निळसर, गोल गोल पानांची. गंगी अजून माहेरीच होती. बुवा तिला कुंपणाच्या फटीशी बोलावून एक-एक पान दाखवायचे. तिला ते पहिल्यांदाच असं काही दाखवत होते. "वास घे," म्हणायचे. "ह्या वासानं ताप पळते." गंगी वास घ्यायची आणि खोटं खोटं म्हणायची, "हाव बाबा, डोकं हलकं झालं."

झाडं जगली तर चिबड सुकेल आणि चिबड सुकलं तर गंगी जगेल, असं त्या माणसानं मनाशी पक्कं केलं होतं. त्यापुढं त्याला दुसरं काही दिसत नव्हतं. त्यांच्या ह्या वेडाबद्दल मी त्यांना कधी नाव ठेवलं नाही. ठेवणारही नाही.

मृगाच्या आधी पानांवर डाग आले. ओले, तपकिरी डाग. दोन-चार दिवसांत पसरून सगळं पान विस्तवाजवळ धरल्यासारखं करपायचं आणि गळायचं. आमच्याकडं त्याला करपाच म्हणतात. बुवांनी काय करावं? त्यांनी गळलेलं एक-एक पान ओच्यात गोळा केलं आणि त्याच रोपाच्या बुडाशी पुरलं. वेलीचं वेलीच्या पायाशी. माझ्या वडिलांनी कुंपणाबाहेरून सांगून पाहिलं, "बुवा, साहेब म्हणाले होते जाळा म्हणून."

"साहेबाचं काय जाते, जाळा म्हनाले," बुवा आतून म्हणाले. "साहेबाची लेक नाई तिथी. पान जाळून मी अपशकुन करून घेऊ काय?"

पावसात गंगी सासरी गेली, आणि जेवढी रोपं वाचली तेवढी पाझरवाडीला नेऊन लावली. बुवांनी स्वतः लावली, प्रत्येक खड्ड्यात पाय धुऊन उतरले. पुढच्या वर्षी पुन्हा रोपं केली, त्याच वाफ्यांत, आणि पुन्हा डाग आले, पुन्हा पानं पुरली. तरीही नीलगिरी वाढायला मोठी हावरी. पहिल्या साली लावलेली झाडं माणसाच्या डोक्यावर गेली. वाडीच्या कडेपासून नाल्यापर्यंत बन उभं राहिलं. आणि दुसऱ्या पावसाळ्यात करपा त्या बनात शिरला. खालच्या फांद्यांपासून पानं काळी करत वर चढायचा. झाडाखाली पाल्याचा खच.

आता ह्या पुढचं मी डोळ्यांनी पाहिलंय. श्रावणात गंगीला भेटायला मी वाडीवर गेले होते. तिला पुन्हा दिवस गेले होते. सकाळी वाडीतल्या बाया खराटे घेऊन बनात आल्या आणि घरांच्या अंगच्या, म्हणजे लगतच्या, झाडांखालचा पाला लोटून, टोपल्या भरून नेऊ लागल्या. नीलगिरीचा पाला चुलीत तडतड पेटतो, ओला असला तरी. जळणाची तेवढीच सोय. गंगीही झाडत होती, मधूनमधून खोडाला धरून दम घेत.

ती मला म्हणाली, "शांते, एक गंमत पाह्य. आमी जिथला पाला उचलतो ना, थी झाडं कशी हिरवी हायेत. आन नाल्याकडची पाह्य. तिथी कोनी जात नाई."

मी पाहिलं. खरंच होतं. घराकडच्या तीन-चार ओळी स्वच्छ, आणि पलीकडं नुसते काळे दांडे. आंधळ्यालाही दिसावं असं.

तेवढ्यात बुवा आले. बनाच्या कडेला पायताण काढलं, दोन पावलं आत टाकली आणि त्यांना खराटे दिसले. मग टोपल्या दिसल्या. मग समोरच्या छपरातून येणारा तो नीलगिरीच्या वासाचा धूर दिसला.

"चुलीत?" ते म्हणाले. ओरडले नाहीत, म्हणूनच मला भीती वाटली. "चुलीत घालून राह्यल्या तुमी? पान?"

बाया खराटे टाकून मागं सरल्या. गंगी सरली नाही. तिनं डोक्यावरचा पदर नीट केला आणि म्हणाली, "बाबा, जरा ऐका तं. आमच्या अंगची झाडं पाहा. हिरवी हायेत. आमी पाला उचलतो म्हनून वाचली थी. तुमी नाल्याकडचाही उचलू द्या आमाले."

"तू मले झाडं शिकवतं काय वो? तुह्या जल्माच्या आधीपासून पान पाहून राह्यलो मी."

"विड्याचं पान नाई बाबा थे. पाला हाय."

"पान हाय थे!" आता मात्र ते ओरडले. "पाला नाई! तुह्यासाठी लावलं मी हे. तुह्यासाठी! आन तूच आग लावतं काय त्याले?"

गंगीनं काय करावं? तिनं नवऱ्याकडं बघितलं. महादेव ओट्यावर उभा होता. "बुवा म्हनते थे खरं हाय," तो म्हणाला. "तू जाय घरात."

ती गेली. बुवांनी भरलेल्या टोपल्या एक-एक करून उपड्या केल्या. बायांच्या घरातनं, चुलीपुढनं उरलेला पाला मागवून घेतला. आणि दिवसभर त्या पावसाच्या भुरभुरीत, गुडघ्यांवर बसून, घराकडच्या त्या हिरव्यागार झाडांच्या बुडाशी खड्डे करून तो सगळा पाला पुरला. नाल्याकडचा काळा पालाही ओच्यानं आणून पुरला, कुणी पुन्हा चुलीत घालू नये म्हणून. इतक्या हळुवार हातानं माती लोटत होते की बघवत नव्हतं. त्यानंतर ते रोज उजाडताच बनात येऊन बसायचे. राखण! आपल्याच लेकीवर राखण.

दसऱ्यापर्यंत घराकडच्या ओळीही काळ्या पडल्या.

गंगीला त्याच सुमारास ताप आला तो उतरेना. मालेगावच्या दवाखान्यातून माझ्या वडिलांनी कोयनेलच्या, म्हणजे क्विनीनच्या, पुड्या आणून दिल्या. सासूनं त्या उतरंडीत टाकून ठेवल्या. पोटुशीला कोयनेल उष्ण पडतं, पोर जाईल, म्हणाली. पोर गेलंच. मी दिवाळीच्या सुट्टीला घरी येत होते, वाटेत निरोप मिळाला, तशीच वाडीवर गेले. गंगीचे डोळे उघडे होते. उशाशी बुवा बसले होते, हातात नीलगिरीची डहाळी घेऊन तिच्या नाकाशी धरत होते. त्या डहाळीवरही डाग होते.

गंगीनं त्यांच्याकडं बघितलं. मग अगदी सहज, घरातलं एखादं काम सांगावं तसं म्हणाली, "पाला उचलजा, बाबा."

नंतर ती दुपार टळायच्या आत गेली.

मी शिकलेली बाई आहे. मला कळतं की त्या झाडांनी तिचा ताप थांबला नसता. ताप डासांचा, झाडांनी डास थोडेच जातात! बन हिरवं राहिलं असतं तरी ती त्याच हिवाळ्यात गेली असती. हे सगळं मी स्वतःला हजारदा सांगितलंय. माझा राग त्यासाठी नाहीच. त्या पोरीनं जन्मात बापाजवळ एकच गोष्ट मागितली, आणि तीही रास्त. ती मोठ्यानं, सगळ्यांसमोर, खरं बोलली. आणि त्या हिरव्या झाडांकडं बापानं एकदा, नुसतं एकदा, मान वळवून बघितलं नाही. झाडं वाचली असती तर ती मरताना खरी ठरून मेली असती. एवढंसुद्धा तिच्या वाट्याला येऊ दिलं नाही त्यांनी.

तिसऱ्या दिवशी राख सावडून झाली. बाकीचे घरी वळले, बुवा बनाकडं वळले. पुरलेला पाला त्यांनी हातांनी उकरून काढला. नखं फुटली तरी थांबले नाहीत. बनाच्या मध्ये ढीग केला, महादेवाच्या घरात जाऊन चुलीतला विस्तव खापरावर घेऊन आले, आणि ढिगाला लावला. पाला तडतडला, धूर साऱ्या वाडीवर पसरला. बाया दारात उभ्या होत्या. एकीनंही जवळ जाऊन त्यांना धरलं नाही. मीही गेले नाही.

पानमळ्यात ते पुन्हा गेले नाहीत. पाणी कुणी सोडलं नाही, आणि पानमळा जायला एक उन्हाळा पुरतो. रहीमशेठ उरसाच्या आधी आले, कुंपणातून वाळलेल्या वेली पाहिल्या आणि गाडी परत फिरवून निघून गेले. बुवांनी आमच्या दोन्ही घरांच्या अंगणात, उघड्या उन्हात नवे वाफे केले. डाग दिसला की रोप उपटायचे आणि वाफ्याशेजारच्या खापरात जाळायचे. ती रोपं मात्र जगली. करपलेल्या झाडांच्या जागी त्यांनी ती लावली आणि ती वाढली. आमच्या आईनं एकदा त्यांच्यापुढं पान धरलं. बुवांनी हात मागं घेतले. "नको माय," म्हणाले. "माहे हात चांगले नाईत."

चार-पाच वर्षांनी बन आभाळाला टेकलं तेव्हा ते साहेब पुन्हा आले. बढती मिळालेली होती. झाडांच्या खोडांवर थापा मारून खूश होऊन गेले. तेव्हापासून सगळे त्याला साहेबाचं बन म्हणतात.

त्यानंतर बुवा मला एकदाच दिसले. दुसरी मोठी लढाई चालू होती, पेट्रोल मिळत नव्हतं, सर्व्हिस मोटार कोळशावर धापा टाकत चालायची. मी कारंज्याहून माहेरी येत होते. पाझरवाडीच्या फाट्यावर मोटार बंद पडली. ड्रायव्हर म्हणाला, वेळ लागेल. मी उतरून वाडीकडं गेले. कशासाठी, माझं मला माहीत नाही.

महादेवानं दुसरं लग्न केलं होतं. नवी बायको ओट्यावर बसली होती. तिच्या मांडीवर पोरगी गोधडीत गुंडाळलेली, दात वाजत होते तिचे. "ताप हाय काय?" मी विचारलं. "हाव," ती म्हणाली. "दर सालीचंच हाय." आणि मागं ते उंच, गोरं, सुगंधी बन साळसुदासारखं डोलत होतं.

बुवा त्या घरच्या छपरीतच राहायला आले होते. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं आणि जा म्हणून कुणी सांगितलंही नव्हतं. ते बनात होते. पार वाकलेले, हातात खराटा. नाल्याच्या बाजूनं झाडत येत होते. एवढ्या मोठ्या झाडांना आता करप्याची काय भीती! पण झाडाच्या बुडाशी एक पान दिसलं की खराटा ठेवून वाकायचे, हातानं उचलायचे आणि टोपलीत टाकायचे. भरलेली टोपली त्यांनी त्या बाईच्या चुलीपुढं नेऊन ओतली आणि परत आले.

मी म्हटलं, "बुवा, मी शांता. मास्तरांची."

त्यांनी आधी माझ्या हातांकडं बघितलं. जुनी सवय. मग तोंडाकडं.

मला त्यांना पुष्कळ काही बोलायचं होतं. इतकी वर्षं साठवून ठेवलं होतं. तोंडातून निघालं ते भलतंच. "बुवा, झाडं तं मोठी झाली. आता कायले झाडता?"

ते खाली वाकले, माझ्या पायाशी पडलेलं एक पान त्यांनी उचललं आणि टोपलीत टाकलं.

"गंगीनं सांगतलं ना," ते म्हणाले. "उचलजा म्हनून."

आणि माझ्यामागची जागा झाडायची होती, म्हणून त्यांनी मला हातानं बाजूला व्हायला सांगितलं.